टॉवेलाखालचे सात महिने

थोरला भाऊ फोनवर मला म्हणाला, "तू आईचासुद्धा बाजार मांडलास." मे महिना होता. मी माधवनगरच्या घराच्या ओट्यावर उभा होतो. मी फोन बंद केला आणि समोरच्या बादलीला लाथ मारली. बादली प्लास्टिकची होती, फुटली. पायाचं नखही गेलं. तो राग अजून पूर्ण उतरलेला नाही. पण आता त्याचंही ओझं वाटायला लागलंय, म्हणून लिहून टाकतो.

आम्ही आटपाडीकडचे. वडिलांची मेंढरं होती. सुगी झाली की कळप घेऊन कृष्णाकाठच्या उसाच्या पट्ट्यात उतरायचं, लोकांच्या रानात खतासाठी मेंढरं बसवायची, आणि पावसाच्या तोंडाला परत फिरायचं. दोन पोरांतल्या एकाने कळपामागं जायचं आणि एकाने आत्याकडं राहून शाळा शिकायची, असं वडिलांनी ठरवलं. कळपामागं मी गेलो. मला कुणी विचारलं नाही. दादा दहावी झाला, फौजेत गेला, पेन्शन घेऊन आला आणि साताऱ्यात तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेऊन राहिला. मी तिसरीत शाळा सोडली ती सोडलीच. पुढं वाचायला शिकलो ते बाजारातल्या पावत्यांवर आणि पानपट्टीवरच्या पेपरावर. मेंढरांतून बकऱ्यांच्या दलालीत आलो, स्वतःची गाडी केली, सांगलीजवळ माधवनगरला घर बांधलं. हे सगळं माझ्या हाताने झालं. त्यात दादाचा हात नाही, आणि मी तो मागितलाही नाही.

हात म्हणजे आमच्या धंद्यात सगळंच. जनावरांच्या बाजारात भाव तोंडाने बोलत नाहीत. घेणारा आणि विकणारा हातात हात देतात, वर टॉवेल टाकतात आणि टॉवेलाखाली बोटं दाबून आकडा सांगतात. जितकी बोटं दाबली तितका आकडा. अख्खा पंजा दाबला की पाच. भोवती पन्नास माणसं उभी असली तरी कुणाला काही कळत नाही. पसंत नसलं तर हात झटकायचा, पसंत असलं तर दाबून धरायचा. एकदा धरला की झालं. मग बाप आडवा आला तरी सौदा मोडत नाही. दहाव्या वर्षी मी हे शिकलो. सुट्टीत बाजारात यायचा म्हणून दादाही शिकला होता.

वडील गेले त्याला सहा वर्षं झाली. तेराव्याचं जेवण उरकलं होतं. आटपाडीच्या घरापुढं मांडव होता, भावकी पान खात बसली होती. आई दाराच्या आतल्या बाजूला भिंतीला टेकून बसली होती, डोक्यावरून पदर घेऊन. भावकीतल्या एका म्हाताऱ्याने विषय काढला, "आता म्हातारीचं काय करायचं रं? आजच ठरवा. उद्या एक इकडं, एक तिकडं."

दादा घसा खाकरून म्हणाला, "माझं म्हणणं असं आहे की..."

तो फौजेतून आल्यापासून अशीच सुरुवात करतो. मला तेवढा धीर नव्हता. मी त्याचा हात ओढून हातात घेतला आणि खांद्यावरचा टॉवेल वर टाकला. भावकी हसली. एक जण म्हणाला, "लावा गड्या बोली!" दुखवट्याच्या घरात तेवढंच जरा हलकं झालं.

मी पंजा दाबला आणि वर एक बोट. म्हणजे सहा. बारा महिन्यांचे निम्मे तुझे. दादाने माझी चार बोटं दाबली. चारच घेतो. मी हात झटकला. त्याने पुन्हा चार. मी त्याच्या तोंडाकडं बघितलं. वहिनी मांडवाच्या कडेला उभी होती आणि दादा तिच्याकडं बघत नव्हता. यावरून मी ओळखलं की चारच्या वर जायची त्याला घरून मुभा नाही, पण लाजेपोटी एक पायरी चढेल. मी पंजा दाबला. तो थांबला, मग त्याने हात धरला. पाच त्याचे, सात माझे.

टॉवेल काढला आणि मी मोठ्याने सांगितलं, "दादाचे पाच, माझे सात." भावकीने मान डोलावली. धाकटा असून दोन महिने जादा घेतले. पुढची सहा वर्षं मी त्या दोन महिन्यांवर जगलो. लग्नात, जत्रेत, कुठंही विषय निघाला की लोक म्हणायचे, "धाकट्यानंच धरलंय म्हातारीला." मीही नको नको म्हणत ते ऐकून घ्यायचो.

पाच कुठले आणि सात कुठले, तेही मी त्याच बैठकीत मोठ्याने सांगून टाकलं होतं. आखाडापासून कार्तिक संपेपर्यंतचे पाच दादाचे. पावसाळ्यात जनावरं आजारी पडतात, माझा पाय घरात ठरत नाही, असं कारण दिलं. ते खोटं नव्हतं. पण आईला दमा आहे, आणि ओल आली की तिची छाती भरते, हे मला माहीत होतं. साताऱ्याचा पाऊस कसा असतो तेही माहीत होतं. मी जनावर घेताना त्याचं दुखणं कुठल्या महिन्यात वर येतं ते आधी बघतो. ती सवय आहे. आईच्या बाबतीतही ती झाली.

दादाने दर वर्षी तिला नेलं. दर वर्षी ठरल्या तारखेच्या आठ-दहा दिवस आधी आणून सोडलं, आणि दर वर्षी मी त्या आठ-दहा दिवसांवरून भांडलो. या मे महिन्यात आईला मिरजेला दवाखान्यात ठेवावं लागलं होतं. घरी आणल्यावर दादाचा फोन आला.

"हे बघ," तो म्हणाला, "डॉक्टरांनी सांगितलंय ना, ओलीत ठेवू नका म्हणून? आमच्या भिंतींना बुरशी येते रे. या वर्षी पावसाळा तू ठेव, दिवाळीनंतर मी नेतो. पाच काय, सहा महिने ठेवतो."

"सौदा म्हणजे सौदा."

"अरे, पण माणूस आहे ती."

"हे तुला हात धरताना कळत न्हवतं व्हय?"

त्यावर तो ते वाक्य बोलला, आणि बादली फुटली.

मी ठरवलं, तारीख आली की गाडीत घालून आईला साताऱ्याच्या दारात नेऊन उतरवायची. मग बघू काय करतो. आईला मी काही विचारलं नाही. तिची पिशवी कधी भरायची एवढंच बायकोला सांगून ठेवलं.

त्याच आठवड्यात मुलगी पुण्याहून घरी आली. ती तिथं सिनेमाचं शिकते. सिनेमाचं शिकतात हेच मला आधी माहीत नव्हतं. तिला एक मोठा निबंध लिहायचा होता, आणि विषय होता शंभरेक वर्षांपूर्वीचे चिनी सिनेमे. त्यातली आईबापाची सेवा आणि बदलत्या काळाचं वारं. मी म्हटलं, "आपल्या सात पिढ्यांत कुणी चीन बघितलेला नाही. आईबापाची सेवा बघायला एवढ्या लांब जायची काय गरज?"

"इथलं तुम्ही सांगत नाही ना, पप्पा," ती म्हणाली.

जिभेला धार आहे तिच्या. कुणावर गेली ते घरात सगळ्यांना माहीत आहे.

एका दुपारी उन्हाने बाहेर निघवत नव्हतं. मुलीने स्टुलावर लॅपटॉप ठेवला. आई कॉटवर उशीला टेकून बसली होती, हाताशी तिचा दम्याचा पंप. मी खाली जमिनीवर पडलो होतो, बघायचं नाही असं ठरवून. सिनेमाला आवाज नव्हता. माणसं तोंड हलवायची, मग काळ्या पाटीवर अक्षरं यायची, आणि खालचं इंग्रजी वाचून मुलगी आजीला मराठीत सांगायची.

"ह्यांस्नी बोलता येत न्हाई व्हय गं?" आईने विचारलं.

"तेव्हा आवाज भरता येत नव्हता, आज्जी."

"ब्येस हाय मग. तुझ्या बापाच्या घरी असली सोय पायजे हुती."

गोष्ट साधी होती. नदीकाठच्या गावातला छत्र्या दुरुस्त करणारा म्हातारा. दोन पोरं, एक पोरगी. पोरीचं लग्न बापाने ठरवलेलं, ती ते मोडून शहरात पळून गेलेली आणि मोज्यांच्या कारखान्यात कामाला लागलेली. बापाने तिचं नाव टाकलेलं. थोरला लेक गावातच, जुना पायघोळ झगा घालून दुकानात बसणारा. धाकटा शहरात कचेरीत, कोट-टाय-टोपी. त्याच्या बायकोचे केस मानेपर्यंत कापलेले. ते बघून आई हळहळली, "अगं, हिचं कोण गेलं?"

"कोणी नाही गेलं. फॅशन होती तेव्हाची."

"मरू दे. बरी दिसती पर."

मुलगी मला समजावत होती की त्या वेळच्या सिनेमावाल्यांचं मन दोन्हीकडं ओढलं जायचं. आईबापाला विसरलेल्या पोरांना ते पडद्यावर झोडपायचे, आणि त्याच वेळी पोरीने आपल्या मनाने जगावं, स्वतः कमवावं, हेही त्यांना पटत होतं. नक्की कुणाची बाजू घ्यावी हे त्यांचं ठरत नव्हतं.

मी पडल्या पडल्या बघत होतोच. म्हटलं, "ठरलं होतं की. त्या धाकट्याचे बूट बघ. कितीदा दाखवलेत. शिव्या पण त्यालाच आणि उजेड पण त्याच्यावरच."

मुलीने वळून माझ्याकडं बघितलं. "हे मी लिहू का, पप्पा?"

"लिही. फुकट नाही पण."

पुढं म्हाताऱ्याचे हात थरथरायला लागतात. छत्रीची काडी बसवता येत नाही. धाकटा शहरातून येतो आणि दोघं भाऊ दुकानाच्या दारात उभे राहतात. म्हातारा मागं बाकावर बसून काड्या निवडतोय. धाकटा डोक्यावरची टोपी काढतो, थोरल्याचा हात हातात घेतो आणि टोपी दोघांच्या हातांवर धरतो. मुलीने चित्र तिथंच थांबवलं.

"ही माझी सगळ्यात आवडती जागा. यावर मी दोन पानं लिहिलीत. बघा, एक झगा, एक कोट. बापाच्या साक्षीने दोघं हातात हात देतात, आणि ते प्रेम लोकांना दिसू नये म्हणून धाकटा टोपीने झाकतो. जुन्या आणि नव्याची हातमिळवणी."

मला हसू आवरेना. मी उठून बसलो. "अगं येडे, ते सौदा करतायत."

"कशाचा सौदा?"

"म्हाताऱ्याचा. मागं बसलाय त्याचा. चालव पुढं. थोरल्याचं कोपर बघ. बघ, हललं? त्याने बोट दाबलं. आता धाकट्याने हात झटकला. टोपी हलली बघ."

तिने मागं घेऊन दोनदा लावलं. मग बारीक आवाजात म्हणाली, "याच्या आधी गुरांच्या बाजारात दोन व्यापारी एकमेकांच्या बाहीत हात घालून उभे असतात. ते मला कळलंच नव्हतं. मग यांनी टोपी का घेतली?"

"कोटाची बाही अरुंद. दुसऱ्याचा हात जाईल कुठं आत? झग्याच्या बाहीत आख्खी शेळी मावेल. शहरात जाऊन कपडे बदलले, सवय बदलली नाही."

मी खुशीत होतो. कुठल्या कुठं चीन, आणि माझा धंदा मला तिथं भेटला. शिकलेल्या पोरीला जे कळलं नाही ते मला एका नजरेत कळलं, याचाही आनंद होता. तेवढ्यात कॉटवरून आई म्हणाली,

"थोरला तीन म्हनतुया. धाकटा न्हाई म्हनतुया. आता बग, आनी एक दाबंल."

पडद्यावर थोरल्याचं कोपर पुन्हा हललं.

मी आईकडं बघितलं. "तुला काय कळतंय त्यातलं?"

"का? माझ्या बापाची मेंढरं न्हवती व्हय? बाजारात त्येच्या मागं भाकरीची पाटी घिऊन मीच असायची की." तिने पंप उचलून परत खाली ठेवला. "टावेल झाकंल ते हात. खांदा कुठं झाकतोय? पंजा दाबला की दंडाची शीर वर येती. बोट दाबलं की कोपर हालतं. तुझ्या बापाचं काय बी कळायचं न्हाई. लय दगड मानूस. तुझा खांदा मातुर बोलतोय पयल्यापास्नं. त्यो तुला सांगायचा न्हाई व्हय, खांदा पाड म्हून?"

सांगायचे. शंभरदा सांगायचे. ती कुठं चालली आहे ते मला दिसायला लागलं होतं, आणि तिला थांबवावं असंही वाटत होतं.

"त्या दिवशी तू पंजा न् एक बोट म्हनलास," आई म्हणाली. आवाज चढवला नाही, बोट दाखवलं नाही. "त्येनं चार. तू झटकलंस. त्येनं परत चार. मग तू पंजा दाबलास. तितं मिटलं."

मुलीने लॅपटॉपवरचं चित्र थांबवलं होतं. "कुठल्या दिवशी?" तिने मला विचारलं. मग तिने आजीकडं बघितलं, मग परत माझ्याकडं. तेराव्याला ती शाळेतली पोर होती, मांडवात पाणी वाटत होती. टॉवेल तिनेही बघितला असेल. "पप्पा, खरंच?"

मला तोंड लपवायला जागा राहिली नाही की मी ओरडतो. तसाच ओरडलो. "मग तवाच का बोलली न्हाईस? आं? सा वर्सं का गप बसलीस?"

"इकाय काढल्यालं जनावर बोलतंय व्हय रं?" आई म्हणाली. आणि जरा थांबून, "आन् सात घेतलंस म्हून लोकास्नी सांगत फिरतूस. पावसाळा त्येच्या गळ्यात घातलास त्ये न्हाई सांगत."

मी बाहेर आलो. चपलाही घातल्या नाहीत. गिरणीच्या भिंतीपर्यंत गेलो, रस्ता तापला होता, पाय पोळले, परत फिरलो. बाजारात मी अनेकदा फसलोय. लंगडी बकरी गळ्यात आली, गाभण म्हणून भाकड घेतली. प्रत्येक वेळी राग आला, आणि राग आला की बरं वाटतं, अंगात ताकद येते. त्या दुपारी तसलं काही आलं नाही. ती दारामागं भिंतीला टेकून बसली होती, पदर डोळ्यांपर्यंत ओढून, आणि तिला वाटत असेल दुःख, असं आम्ही सगळे समजत होतो. ती आमचे खांदे बघत होती.

परत आलो तेव्हा चहा झाला होता. मुलगी आजीला सिनेमाचं पुढचं सांगत होती. धाकट्याने म्हाताऱ्याला शहरात नेलं, जिन्याखालच्या खोलीत ठेवलं, पाहुणे आले की बाहेर येऊ नको म्हणून सांगितलं. एक दिवस म्हातारा छत्री घेऊन बाहेर पडतो. रस्त्यापलीकडं कारखाना सुटलेला असतो, बायकांच्या घोळक्यात त्याची पोरगी असते. ती थांबते.

"मग?" आई म्हणाली.

"मग काही नाही. शेवटचं रीळ हरवलंय. जगात कुठंच नाही ते. पोरगी त्याला घेऊन गेली की नाही, कुणालाच माहीत नाही."

"असं कसं? म्हाताऱ्याला कुनी इचारलं का, बाबा कुठं जायचं म्हून?"

मुलगी विचार करून म्हणाली, "नाही. जेवढा सिनेमा शिल्लक आहे तेवढ्यात तरी कुणीच विचारत नाही."

मी कॉटच्या कडेला बसलो. चहाचा कप तसाच हातात. विचारायचं मलाही सुचलं होतं. पण साठीच्या माणसाला काही वाक्यं तोंडातून काढता येत नाहीत. आईने माझ्या हातातला कप काढून खाली ठेवला. माझा उजवा हात ओढून स्वतःच्या हातात घेतला आणि वर पदर टाकला.

तिच्या हाताची नुसती हाडं राहिलीत. तरी पकड अशी की माझ्या ध्यानात आलं, बाजारात कुणाच्या मागं पाटी घेऊन उभं राहिल्याशिवाय ही पकड येत नाही. तिने पंजा दाबला. सोडला. पुन्हा पंजा दाबला. मग दोन बोटं. बारा.

"कुठं बारा?" मी विचारलं.

"माझ्या घरी. आटपाडीला. तितं वल न्हाई, जिना न्हाई. बारा म्हैनं."

"एकटी? आन् रात-इरात दम लागला म्हंजी?"

तिने पदर हातांवर नीट ओढून घेतला. सौदा चालू असताना बोलायचं नसतं, हे तिने मला दाखवून दिलं. मी तिची बोटं दाबली, सात. खरं सांगतो, सवयीने दाबली. तिने हात झटकला. मी दहा केले. तिने पुन्हा झटकला, आणि या वेळी पदर गोळा करून उठायला लागली. बाजारात ज्याला उठून जाता येतं त्याच्याच मनासारखा सौदा होतो. तिला कुठं उठून जायचं होतं? उठून दोन पावलांवर मोरी. पण ती उठली खरी. मला तिचं मनगट धरून परत बसवावं लागलं. मी पंजा, पंजा आणि दोन बोटं दाबली आणि धरून ठेवली.

चाळीस वर्षांत मी सांगितल्या भावाला पहिल्यांदा हो म्हटलं. मुलगी स्टुलापाशी बसून माझ्या खांद्याकडं बघत होती.

दादाला फोन करायला मला दोन दिवस लागले. त्याने ऐकून घेतलं. मग म्हणाला, "बरं केलंस," आणि त्याच्या आवाजातली सुटका ऐकून मला पुन्हा तिडीक आली. मी म्हटलं, "सुटलो म्हणून समजू नकोस. आता आई हलणार नाही, आपण हलायचं. पाळीने तिथं जाऊन राहायचं. तुझे पाच आहेतच."

"हो. पावसाळ्यात मीच येतो की," तो लगेच म्हणाला. "आटपाडीत पाऊस आहेच कुठं?"

म्हणजे आता सोपे महिने त्यालाच. उन्हाळा माझ्याकडं, आटपाडीचा उन्हाळा, पत्र्याचं घर. मी बोलायला तोंड उघडलं आणि आई समोर बसली होती म्हणून मिटलं.

शेजारची एक बाई दोन वेळ स्वयंपाकाला ठरवली. आईची कॉट आटपाडीला नेली. मुलीने तिच्या निबंधातली ती दोन पानं फाडून नवी लिहिली आणि पुण्याला गेली. तिच्या सरांनी विचारलं म्हणे, ही टोपीची माहिती कुठल्या पुस्तकात मिळाली. तिने काय सांगितलं ते मी विचारलं नाही.

आखाड लागला तसा दादा बॅग घेऊन आला. मी त्या दिवशी बाजार करून तिथंच थांबलो होतो. घरापुढं, जिथं तेराव्याचा मांडव होता, तिथंच दोघं उभे राहिलो. बोलण्यासारखं बरंच होतं. रात्रीच्या औषधाचं, पंप संपत आल्याचं, मागच्या बाजूचा पत्रा बदलायचा त्याचं. आणि पावसाळ्याचं. ते माझ्याकडून बाकी होतं. दादाने घसा खाकरला. मी वैतागून खांद्यावरचा टॉवेल काढला आणि त्याचा हात धरायला हात पुढं केला. तोही, माझ्यासारखाच म्हातारा झालेला, सवयीने हात पुढं करत होता.

दादाच्या खाकरण्यावरून ओळखून आतून आई म्हणाली, "टावेल खांद्यावर ठिवा. काय आसंल त्ये तोंडानं बोला."

आम्ही दोघांनी हात खाली घेतले. मी टॉवेल घडी करून खांद्यावर टाकला, परत काढला, परत टाकला.

"मागचा पत्रा बदलायला झालाय," शेवटी मी म्हणालो.

"बघतो मी," दादा म्हणाला. "आणि?"

"आणि पावसाळ्याचं..." मी म्हणालो. पुढचं तोंडात येईना. दादा थांबला होता. आत आईचा पंप दोनदा वाजला. ती ऐकत होती, आणि या वेळी तिला माझा खांदा दिसत नव्हता, म्हणून मला ते पुरं करावं लागलं. "पावसाळ्याचं माझं चुकलं."

दादाने मान हलवली. तो "असू दे" म्हणाला नाही. त्याने म्हणायला हवं होतं, असं मला अजून वाटतं.